वाचकांचे प्रश्न : आठ, पाच आणि तेरा

प्रश्न : माझी मुलगी दुसरीत शिकते. आठ आणि पाच किती, असे विचारले तर ती लगेच 'तेरा' म्हणते. पण तेरातून पाच गेले तर किती उरले, असे विचारले की बोटे दुमडत उलटे मोजू लागते आणि बहुतेक वेळा 'नऊ' असे सांगते. बेरीज पक्की असताना वजाबाकी कच्ची का राहते?
– एक पालक, गुहागर

उत्तर : तिची मोजणी एकदा शांतपणे ऐकावी. 'तेरा, बारा, अकरा, दहा, नऊ' असे म्हणत ती पाच बोटे दुमडत असणार. पहिले बोट 'तेरा' म्हणतानाच दुमडले जाते आणि पाचवे नऊवर येते, म्हणून उत्तर एकाने चुकते. याला धांदरटपणा म्हणू नये, कारण उलटे मोजताना आरंभाची संख्या धरायची की सोडायची, याचा मोठ्यांचाही गोंधळ होतो. खरी अडचण अशी आहे की, १३ – ५ हे तिच्या दृष्टीने एक नवेच गणित आहे. आपल्याला येत असलेल्या ८ + ५ मध्येच त्याचे उत्तर आहे, हे तिला कोणी दाखवलेले नाही.

आठ, पाच आणि तेरा या तीन संख्यांचे एक कुटुंब आहे. इंग्रजी माध्यमाच्या पुस्तकांत त्याला 'फॅक्ट फॅमिली' म्हणतात. ८ + ५ = १३, ५ + ८ = १३, १३ – ५ = ८ आणि १३ – ८ = ५ ही चारही विधाने एकाच गोष्टीबद्दल बोलतात : तेराचे दोन भाग केले, एक आठाचा आणि एक पाचाचा. बेरीज आधी 'संपवून' काही महिन्यांनी वजाबाकी 'सुरू' करण्याची जी पद्धत घरोघरी दिसते, तिच्यामुळे हे नाते तुटते. माझ्या मते पहिल्या दिवसापासून दोन्ही एकत्रच शिकवावीत.

यासाठी तेरा चिंचोके आणि एक करवंटी पुरेशी आहे. (काजूबिया घ्यायच्या असतील तर पूर्ण वाळलेल्या आणि न फोडलेल्याच घ्याव्यात, चीक हाताला लागला की कातडी कशी सोलवटते, हे कोकणातल्या माणसाला सांगायला नको.) मुलीला तेरा चिंचोके मोजून ओट्यावर ठेवू द्यावेत. तिने डोळे मिटले की काही चिंचोके करवंटीखाली झाकावेत. डोळे उघडल्यावर बाहेर पाच दिसतात, तर आत किती, हे तिने सांगायचे आणि मग करवंटी उचलून स्वतःच पडताळायचे. इथे 'वजा' हा शब्दही उच्चारावा लागत नाही. पाचात किती मिळवले की तेरा होतील, असा विचार ती आपणहून करू लागते. खेळ अंगवळणी पडला की तिलाच ती चार विधाने पाटीवर लिहू द्यावीत. ती लिहिताना ५ – १३ = ८ असे तिने लिहिले तर नुसते खोडू नये; 'ओट्यावर पाचच चिंचोके आहेत, त्यातून तेरा उचलून दाखव' असे म्हणावे. बेरजेत संख्यांची जागा बदललेली चालते, वजाबाकीत चालत नाही, हे तिला चिंचोकेच सांगतील. जुळ्या संख्यांच्या कुटुंबात, म्हणजे ६, ६ आणि १२ मध्ये, चारऐवजी दोनच विधाने निघतात. ही गंमत मुलांना स्वतः शोधू द्यावी.

उत्तर आठवले नाही तर ते बांधता यावे, म्हणून दहाचा टप्पाही शिकवावा. आठाला दहा व्हायला दोन हवेत, ते पाचातून घेतले की तीन उरतात, म्हणून तेरा. तसेच परत येताना तेरातून आधी तीन काढून दहावर यावे, मग राहिलेले दोन काढून आठावर. बालभारतीने २०१९ साली दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात 'एकवीस'ऐवजी 'वीस एक' असे संख्यावाचन दिले, तेव्हा मोठा वाद झाला. त्या वादात कोणतीही बाजू घेतली तरी दोन अंकी संख्येतले दहाचे गठ्ठे मुलाला दिसले पाहिजेत, याबद्दल दुमत असू नये.

हे आताच पक्के करणे का गरजेचे आहे, ते तिसरीत कळते. ४३ – १८ करताना पुष्कळ मुले आठातून तीन वजा करून ३५ असे उत्तर लिहितात. १३ – ८ चटकन सुचत नसेल तर हातचा घ्यायची वाट अवघड वाटते आणि मूल ही सोपी पळवाट शोधते. मुलांचे वाचन आणि गणित तपासणाऱ्या, 'प्रथम' संस्थेच्या 'असर' सर्वेक्षणात २००५ सालापासून वापरल्या जाणाऱ्या गणिताच्या मूळ चाचणीतही अंक ओळखण्यापुढे हातच्याची वजाबाकी आणि भागाकारच विचारतात. बेरीज आणि गुणाकार वेगळे विचारतच नाहीत.

प्रश्न : आमच्या वेळी तीसपर्यंत पाढे आणि पावकी, निमकी, पाऊणकी पाठ असे. चौथीतला नातू बारापर्यंतचे पाढे घडाघडा म्हणतो, पण मध्येच 'सात आठे' विचारले तर 'सात एके सात'पासून सुरुवात करतो. छप्पन्न भागिले आठ म्हटले की गप्प बसतो. पाठांतर कमी पडते का?
– एक आजोबा, राजापूर

उत्तर : पाठांतर कमी पडत नाही, ते एकाच दिशेने झाले आहे. पाढ्याला चाल असते आणि त्या चालीत मागची ओळ पुढच्या ओळीला ओढून आणते. म्हणून मधली ओळ सुटी काढता येत नाही. पाढे म्हणणे बंद करू नये, पण त्यासोबत ७, ८ आणि ५६ हे कुटुंबही ओळखीचे करून द्यावे : सात आठे छप्पन्न, आठ साते छप्पन्न, छप्पन्न भागिले सात आठ, छप्पन्न भागिले आठ सात.

मांडणी डोळ्यांसमोर असली की हे लवकर समजते. आंब्याच्या पेटीत एका थरात चार ओळी आणि प्रत्येक ओळीत सहा आंबे लावले, तर तेच चोवीस आंबे पेटीच्या दुसऱ्या बाजूने पाहिल्यावर सहा ओळींत चार-चार दिसतात. मग विचारावे की, चोवीस आंबे चार घरी सारखे वाटले तर प्रत्येकाला किती? आणि सहा-सहांचे वाटे घातले तर वाटे किती? पहिला प्रश्न वाटणीचा आहे, दुसरा गटांचा, आणि दोन्ही भागाकारच आहेत. शून्याला मात्र या कुटुंबात घेताना जपावे : ० × ५ = ० वरून ० ÷ ५ = ० मिळते, पण शून्याने भागता येत नाही, म्हणून चौथे विधान तिथे नसतेच.

आणखी एक हिशोब नातवाला सांगा, त्याला धीर येईल. दोनपासून नवापर्यंतच्या पाढ्यांत, दोनपासून नवापर्यंतच गुणले तर, ६४ गुणाकार येतात. जागा बदललेल्या जोड्या एकच धरल्या तर ३६ उरतात. दोनाचे आणि पाचाचे सहसा येतातच, ते वगळले की २१. नवाचे दहावरून काढता येतात (नऊ सक म्हणजे साठातून सहा वजा, चोपन्न), तेही वगळले की अवघे १५. त्यांतले सात आठे, सहा साते, सहा आठे असे चार-पाचच खरे त्रास देणारे असतात. तेवढेच कागदाच्या त्रिकोणांवर लिहावेत. तिन्ही कोपऱ्यांत तीन संख्या असाव्यात आणि विचारणाऱ्याने एक कोपरा अंगठ्याने झाकावा. कोणता कोपरा झाकला जाईल हे आधी ठाऊक नसल्यामुळे चालीचा आधार आपोआप सुटतो.

प्रश्न : सहा वर्षांचा मुलगा बोटांवर मोजतो. ती सवय मोडावी का? घड्याळ लावून सराव घ्यावा का?
– एक आई, वेंगुर्ले

उत्तर : दोन्ही नको. या वयात बोटे हे हक्काचे साधन आहे आणि ते हिसकावून घेतले तर मूल टेबलाखाली मोजते, एवढाच फरक पडतो. पाच आणि तीन दाखवताना तो एक-एक बोट न मोजता एक अख्खा पंजा आणि तीन बोटे उघडतो का, तेवढे पाहावे. उघडत असेल तर तो गट ओळखू लागला आहे. घड्याळ लावल्याने घाईत अंदाज बांधायची सवय लागते. त्यापेक्षा रोज तीन-चार प्रश्न विचारावेत आणि प्रत्येक उत्तरानंतर 'कसे काढलेस?' असे विचारावे, उत्तर बरोबर आले तरीही.