'निवडक वेचे' म्हणू नका

खानापूरचे एक वाचक कल्पित ग्रंथ रचत आहेत. निरनिराळ्या ब्रह्मांडांतल्या तत्त्वचिंतकांचे उतारे त्यात एकत्र बांधायचे आहेत. एका ठिकाणी काळ उलटा वाहतो, दुसऱ्या ठिकाणी दगड विचार करतात. उपशीर्षक ठरलं आहे 'बहुविश्वातील निवडक वेचे'. त्यांचा प्रश्न असा: 'मल्टिव्हर्स'ला 'बहुविश्व' म्हणावं की 'बहुब्रह्मांड'? आणि 'वेचे' हा शब्द शाळकरी वाटतो का?

आधी तो 'निवडक' खोडा. वेचलेले असतात म्हणूनच ते वेचे. आमच्या सीमाभागात एकही साहित्यिक कार्यक्रम असा जात नाही, की व्यासपीठावरून 'निवडक वेचे सादर करत आहोत' हे ऐकावं लागत नाही. न निवडलेला वेचा दाखवा मला!

'बहुविश्व'ला माझा साफ विरोध आहे. 'विश्व' म्हणजे मुळात 'सगळं'. वेदातले 'विश्वे देवाः' म्हणजे जगाचे देव नव्हेत, सगळे देव. आता 'सगळं' याचं अनेकवचन कसं करणार? 'युनिव्हर्स'मध्ये 'युनि' म्हणजे एक होता, म्हणून विल्यम जेम्स या तत्त्वज्ञाला १८९५ साली तो काढून 'मल्टि' बसवता आला. तेही नीतीच्या चर्चेत. सिनेमावाले फार नंतर आले. आपल्याकडे 'ब्रह्मांड' तयार आहे. ते अंड आहे, आणि अंडी कितीही असू शकतात. 'अनंतकोटी ब्रह्मांडनायक' असा जयघोष करताना कुणाची जीभ अडखळत नाही. 'समांतर विश्वे' सुचवणाऱ्या पंडितांनी भूमितीचं पुस्तक उघडावं. समांतर रेषा एकमेकींना भेटत नाहीत, तुमचे तत्त्वज्ञ तर एकाच पुस्तकात शेजारी बसणार आहेत. 'बहुब्रह्मांड' हा बहुव्रीही समास समजा: ज्यात पुष्कळ ब्रह्मांडं आहेत ते. बहुव्रीही म्हणजे तरी काय, ज्याच्याकडे पुष्कळ भात आहे तो. बेळगाव बासमतीच्या मुलखात हे फोड करून सांगायला नको.

आता 'वेचे'. खरं तर याच्यासाठीच लिहायला बसलो.

मराठीत वेचणं दोन प्रकारचं. फुलं वेचतो, सरवा वेचतो, तांदळातले खडे वेचतो. इथे वेचणं म्हणजे एकेक उचलणं. आणि आयुष्य वेचतो. इथे वेचणं म्हणजे खर्चणं. तुकोबांचं 'जोडोनियां धन उत्तम वेव्हारें । उदास विचारें वेच करी' आठवा. तिथला 'वेच' हा खर्चच. तो संस्कृत 'व्यय'वरून प्राकृताच्या वाटेने आला. शेजारच्या कन्नडातही 'वेच्च' म्हणजे खर्च. बेळगावच्या बाजारात 'खर्चु-वेच्च' ऐकलं आणि मराठीतला 'खर्चवेच' आठवला, की काही उत्साही मंडळी लगेच निकाल देतात: मराठीने तो कन्नडातून उचलला. दुसरी बाजू तितक्याच आवेशाने उलटं सांगते. दोघेही चुकतात. वेच आणि वेच्च हे एकाच 'व्यय' आजोबांचे नातू. एका नातवाला दुसऱ्याचा बाप ठरवायची ही घाई सीमावादाला शोभेल, व्युत्पत्तीला नाही.

उचलण्याचं वेचणं मात्र अभ्यासक संस्कृतातला 'वि' हा उपसर्ग आणि 'चि' हा धातू यांच्याकडे नेतात. 'संचय'मधला 'चि' तोच. म्हणजे एक वेचणं गोळा करतं आणि दुसरं गोळा केलेलं संपवतं! अभ्यासक दोन मुळं दाखवतात आणि फाइल बंद करतात. मला ते पटत नाही. मुळं दोन असतील, पण बोलणाऱ्याच्या तोंडात ती कधीच एकमेकांत गुंतली आहेत. माणूस आयुष्य वेचतो आणि तो गेल्यावर घरचे त्याच्या अस्थी वेचतात. दोन्हीकडे एकच क्रियापद, आणि ऐकणाऱ्याला काही विसंगत वाटत नाही. माझी आजी भुईमूग काढल्यावर 'सरवा वेचाय चाललो' म्हणून उन्हात निघायची (आमच्याकडे बायकाही 'चाललो'च म्हणतात). मातीत राहिलेल्या ओंजळभर शेंगांसाठी अख्खा दिवस जायचा. तिच्या त्या वेचण्यात किती उचलणं होतं आणि किती खर्चणं, हे कोणत्या धातूने वेगळं करून दाखवाल?

ग्रीकांचा 'अँथॉलॉजी' हाही फुलं गोळा करण्यावरूनच आला. 'अँथोस' म्हणजे फूल. पण त्यात फक्त गोळा करणं आहे, खर्चाची बाजू नाही. ती 'वेच्या'त आहे. तुमच्या ग्रंथातल्या, काळ उलटा वाहतो त्या ब्रह्मांडात तर हिशेबच फिरेल. तिथला चिंतक आधी आयुष्य वेचून टाकणार आणि मग ते कण कण वेचत मागे येणार. त्याच्या भाषेत या दोन गोष्टींना दोन शब्द असायचं कारणच नाही. त्याच्या तोंडी हाच शब्द घाला, आणि तळटीप देऊ नका.

उपशीर्षक 'बहुब्रह्मांडातील वेचे'.