कालप्रवासाने होणारा काल्पनिक आजार डॉक्टर वाचकालाही पटेल असा कसा रचावा?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: दिवाळी अंकासाठी कथा लिहिताय, नायक कालप्रवासाहून परततो आणि त्याला सगळं जग संथ चाललेलं दिसू लागतं. हा आजार वाचून एखाद्या डॉक्टरनेही नाक मुरडू नये.

आधी ते 'संथ' काढून टाका. गती दिसण्याचा खराखुरा बिघाड वैद्यकात आहे, पण तो सिनेमातल्या स्लो मोशनसारखा नसतो. म्युनिकमधल्या डॉक्टरांनी १९८३ मध्ये एल. एम. या आद्याक्षरांनी ओळखल्या जाणाऱ्या एका बाईंची नोंद प्रसिद्ध केली. मेंदूतल्या शिरेत गुठळी होऊन गती ओळखणारा भाग दोन्ही बाजूंनी निकामी झाला होता. कपात चहा ओतताना धार त्यांना गोठलेली दिसे, त्यामुळे कधी थांबायचं ते कळत नसे. रस्त्यावर गाडी लांब असे आणि पुढच्या क्षणी अंगावर. म्हणजे मधली हालचालच गायब. हे दृश्य जबरदस्त आहे, पण त्याचा कालप्रवासाशी सांधा जुळत नाही.

मी वेग सोडून क्रम बिघडवेन. नावही आपल्याकडचंच ठेवा: स्मृतिभ्रंशाच्या चालीवर 'क्रमभ्रंश'.

डोळा, कान आणि त्वचा यांचे संदेश मेंदूत सारख्या वेळात पोचत नाहीत आणि सारख्या वेळात उलगडतही नाहीत. कुठल्या दोन गोष्टी 'एकदम' घडल्या हे मेंदू ठरवतो आणि तो हिशेब सवयीने बदलतो. २००६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात माणसं बटण दाबत आणि प्रकाश सुमारे १०० मिलीसेकंद जास्तीचा उशीर करून चमके. थोड्या वेळाने तो उशीर अंगवळणी पडला. मग तो अचानक काढून घेतला, तेव्हा बोटाच्या आधीच प्रकाश चमकला असं लोकांना वाटू लागलं. तुमच्या आजाराचं बी इथे आहे.

यंत्रात नायकाच्या कानावर पडणारा प्रत्येक आवाज २०० मिलीसेकंद उशिरा येतो. का, ही तुमची पहिली थाप. नायक आत काही आठवडे राहतो आणि मेंदू हिशेब जुळवून घेतो. बाहेर आल्यावर उशीर संपतो, पण हिशेब तसाच राहतो, म्हणून आता प्रत्येक आवाज २०० मिलीसेकंद आधी आल्यासारखा वाटतो. प्रयोगशाळेत असं सरकणं दिलेल्या उशिरापेक्षा बरंच कमी असतं आणि लवकर ओसरतं. इथे ते पुरेपूर होतं आणि ओसरत नाही, ही दुसरी थाप. तिसरी मारू नका. बाकी सगळं या एका आकड्यातून आपोआप निघतं.

असा माणूस प्रत्यक्षातही आहे. २०१३ मध्ये पी. एच. या वयस्कर गृहस्थांची नोंद प्रसिद्ध झाली: बोलणाऱ्याचा आवाज आधी ऐकू येतो, ओठ नंतर हलतात, फरक सुमारे २०० मिलीसेकंद. आधी त्यांना टीव्ही बिघडलाय असंच वाटलं होतं. तुमच्याही कथेत सुरुवात टीव्हीपासून करा.

मग एकेक पायरी. टाळी हात जुळायच्या आधी वाजते. पातेलं फरशीला लागायच्या आत खणखणतं. तबलजी असेल तर थाप पडण्याआधी बोल ऐकू येतो आणि हात लय सोडतो. यापेक्षा भयंकर म्हणजे स्वतःचा आवाज. तोंड उघडल्याचं जाणवायच्या आत शब्द कानात, म्हणजे 'माझं बोलणं दुसराच कुणी बोलतोय'. मनोविकारतज्ज्ञाकडे हे वाक्य गेलं की स्किझोफ्रेनियाची शंका येणं स्वाभाविक आहे आणि कथेतला डॉक्टर तिथे चुकला तर वाचक त्याला मूर्ख म्हणणार नाही. औषधांनी फरक पडत नाही, कानाची तपासणी नॉर्मल, डोळे नॉर्मल.

निदान कसं होतं? डोळे मिटून. रेडिओवरच्या बातम्या ऐकताना रुग्णाला काहीच त्रास नाही, कारण तुलनेला दुसरी बाजूच नाही. डोळे उघडून समोरच्याचं बोलणं ऐकलं की त्रास सुरू. मग पक्की चाचणी: एक दिवा, एक 'टिक', मधलं अंतर दर वेळी बदलायचं आणि आधी काय आलं ते विचारायचं. निरोगी माणसाला 'एकदम' वाटण्याची जागा शून्याच्या आसपास सापडते. तुमच्या नायकाला आवाज दिव्यानंतर २०० मिलीसेकंदांनी दिला, तरच दोन्ही एकदम वाटतात.

इथे बहुतेक लेखक घसरतात: नायकाला आवाज आधी 'वाटतो', आधी 'मिळत' नाही. टिक ऐकून बटण दाबायला सांगितलं तर तो तुमच्याआमच्याइतकाच वेळ घेईल. त्याला भविष्य ऐकू येतं, तो विकेटकीपर म्हणून अजिंक्य ठरतो वगैरे केलंत की आजाराची जादू झाली.

आता मला सगळ्यात आवडणारा भाग. आवाज हवेतून सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. नदीच्या पलीकडे कुणी धुणं आपटत असलं की पिळा दगडावर आधी आदळलेला दिसतो, 'धप्प' नंतर येतं. साधारण ७० मीटरवर हा उशीर २०० मिलीसेकंदांचा होतो. म्हणजे तुमच्या नायकासाठी जग फक्त ७० मीटरवर जुळलेलं आहे. घरात बायको बोलते ते विस्कटलेलं, पण पैलतीरावरची अनोळखी बाई धुणं आपटते ते अगदी बरोबर. तो रोज घाटावर का जाऊन बसतो हे घरच्यांना कळत नाही, आणि तोही सांगू शकत नाही. १४० मीटरवर पुन्हा बिघडतं, या वेळी आवाज मागे पडतो.

उपचार सोपा वाटेल: कानात हेडफोन, बाहेरचा आवाज २०० मिलीसेकंद उशिरा सोडायचा. दुसऱ्याचं बोलणं लगेच जुळतं. पण रुग्ण स्वतः बोलायला लागला की पंचाईत, कारण स्वतःचा आवाज कवटीच्या हाडातूनही कानात पोचतो आणि हेडफोन ती वाट अडवू शकत नाही. त्याला स्वतःचा शब्द दोनदा ऐकू येतो, हाडातून लगेच आणि हेडफोनमधून उशिरा. आपला आवाज सुमारे २०० मिलीसेकंद उशिरा ऐकवला तर धडधाकट माणूसही अडखळतो, हे १९५० पासून माहीत आहे. म्हणजे हेडफोन लावला तर बायकोचं बोलणं नीट, पण उत्तर देताना तोतरेपणा. काढला तर उत्तर सरळ जाईल, फक्त ते आपलं वाटणार नाही. जेवणाच्या ताटावर नायक दर वाक्याला हेडफोन काढतो-घालतो, एवढा एक प्रसंग लिहा. लांबलचक वैद्यकीय खुलासा मग लागणार नाही.