जॅझ वाजवणाऱ्या मुलाचं सिनेमा-मालिकांच्या कामावर पोट भरेल का?

तुम्ही लिहिलंय की मुलगा ऑल्टो सॅक्सोफोन वाजवतो, जॅझचं वेड आहे, घर बडोद्यात, आणि त्याला सिनेमा-टीव्हीच्या संगीतात जायचंय. मीही बडोद्याचाच, कीबोर्ड वाजवतो आणि पार्श्वसंगीताची अरेंजमेंट करतो, म्हणजे कुठलं वाद्य कुठे काय वाजवेल ते ठरवून लिहितो. पोट भरेल, पण नुसत्या वाजवण्यावर फार काळ नाही. त्याला लिहायला शिकू द्या.

लिहायला म्हणजे स्टाफ नोटेशन (पाच रेघांवरची पाश्चात्त्य स्वरलिपी), हार्मनी (एकाच वेळी वाजणाऱ्या सुरांची जुळणी) आणि प्रत्येक वाद्याचा वेगळा पार्ट काढणं. सी. रामचंद्रांच्या 'अलबेला'तला (1951) ब्रास, म्हणजे ट्रम्पेट-ट्रॉम्बोनचा ताफा, आजही अंगात येतो. त्यांचे सहायक होते चिक चॉकलेट, मुंबईच्या ताजमध्ये जॅझ वाजवणारे ट्रम्पेटवादक. सेबॅस्टियन डिसूझा फाळणीआधी लाहोरच्या हॉटेलात बँड चालवायचे. पुढे शंकर-जयकिशन यांच्या गाण्यांमागचा अवाढव्य वाद्यमेळ त्यांनी कागदावर उतरवला. जॅझ पियानोवादक लुई बँक्स कोलकात्याच्या ब्लू फॉक्स रेस्टॉरंटमधून राहुलदेव बर्मन यांच्या बोलावण्यावरून मुंबईला आले, आणि नंतर जाहिरातींच्या जिंगल्समध्ये त्यांनी मोठं काम केलं. 1988 साली दूरदर्शनवर आलेल्या 'मिले सुर मेरा तुम्हारा'च्या संगीतात संगीतकार अशोक पत्कींबरोबर तेही होते.

अमेरिकेतही तसंच. ऑलिव्हर नेल्सन हा अव्वल सॅक्सवादक, पण हॉलिवूडच्या टीव्हीत त्याला काम मिळालं ते संगीतकार आणि अरेंजर म्हणून. लालो शिफ्रिन हा जॅझ ट्रम्पेटवादक डिझी गिलेस्पीचा पियानोवादक होता. 'मिशन: इम्पॉसिबल' या टीव्ही मालिकेची धून (1966) शिफ्रिनची. ती मुलाला हातावर मोजायला सांगा. दहा मात्रा निघतील, पण झपतालासारख्या दोन-तीन-दोन-तीन नाहीत, तीन-तीन-दोन-दोन. हे ज्याला ऐकताक्षणी कळतं तो स्टुडिओत टिकतो.

स्टुडिओत लांबलचक सोलोला जागा नसते. कानात क्लिक (लय धरून ठेवणारी टिकटिक) असते, समोर कागद असतो आणि दुसऱ्या-तिसऱ्या टेकला काम संपवायचं असतं. ऑल्टोवर 'सी' वाजवला की ऐकू येतो 'ई फ्लॅट', त्यामुळे समोर आलेला पार्ट जागच्या जागी ट्रान्सपोज करता, म्हणजे दुसऱ्या पट्टीत बदलून वाजवता यायलाच हवा. जॅझची तालीम झालेल्याला एक मोठा फायदा: दिग्दर्शक म्हणाला "जरा उदास करा", की चाल तीच ठेवून खालचे कॉर्ड्स (एकत्र वाजणारे स्वरसमूह) बदलणं त्याला जमतं. माझ्या मते जॅझ शिकल्याचं खरं मोल इथे मिळतं.

रोजच्या मालिकांबद्दल फार आशा ठेवू नका. तिथे बहुतेकदा आनंद, संशय, रडारड असे तुकडे एकदाच करून ठेवतात आणि एडिटर ते महिनोन्महिने लावत राहतो. वादकाला बहुधा एकरकमी पैसे मिळतात. संगीतकाराचं वेगळं: 2012 च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर त्याचा रॉयल्टीचा हक्क निर्मात्याला करारातही काढून घेता येत नाही. म्हणूनही लिहायला शिका म्हणतो.

बडोद्यात राहून हे शिकता येतं का? येतं. सयाजीरावांच्या काळात, 1886 मध्ये इथे गायक मौलाबक्षांची संगीतशाळा सुरू झाली आणि त्यांनी स्वतःची स्वरलिपी बांधली. सूर कागदावर मांडण्याची परंपरा या गावाला नवी नाही. इथल्या विद्यापीठाची आजची परफॉर्मिंग आर्ट्स फॅकल्टी त्याच शाळेतून वाढली. तिथे राग-तालाची बैठक पक्की होईल. हार्मनीसाठी मात्र वेगळा गुरू शोधावा लागेल. आणि नवरात्रीत गरब्याच्या ऑर्केस्ट्राला नाक मुरडू देऊ नका. नऊ रात्री तासन्‌तास लय न सोडता, गायक सांगेल त्या पट्टीत वाजवणं, याहून चांगली तालीम मला माहीत नाही.

मुंबईला बिऱ्हाड हलवायची घाई नको. एक बरा माइक आणि शांत खोली असली की ट्रॅक घरून पाठवता येतात. मुलाला एवढंच सांगा, सिनेमा-मालिकांसाठीचं रेकॉर्डिंग 48 किलोहर्ट्झ, 24 बिटवर करायचं. गाण्याच्या सीडीचं 44.1 इथे चालत नाही.