मॅथ्यू फ्लिंडर्स कोण होता?

ऑस्ट्रेलियाला जहाजाने पूर्ण वळसा घालून हा एकच सलग भूखंड आहे हे दाखवून देणारा ब्रिटिश नौदल अधिकारी. १८०२-०३ च्या त्या सफरीत 'इन्व्हेस्टिगेटर'च्या फळ्या कुजत चालल्या होत्या, आत पाणी शिरत होतं. सोबत बंगारी हा मूळनिवासी होता; अनोळखी किनाऱ्यांवर आधी तोच पुढे होऊन लोकांशी ओळख करायचा. त्याचं नाव फारसं कुणी घेत नाही, हे मला मनापासून खटकतं.

परतीच्या वाटेवर फ्रेंचांनी फ्लिंडर्सला मॉरिशसमध्ये साडेसहा वर्षं अडकवून ठेवलं. लग्नानंतर तीनच महिन्यांनी मागे ठेवलेली बायको ॲन त्याला थेट १८१० मध्ये भेटली! १८१४ मध्ये, अवघ्या चाळिसाव्या वर्षी तो गेला. २०१९ मध्ये लंडनच्या यूस्टन स्टेशनजवळच्या खोदकामात शवपेटीवरच्या शिशाच्या पट्टीवरून त्याची कबर सापडली.