सरकारने रस्ते-पुलांवर खर्च केला की अर्थव्यवस्था खरंच वाढते का?

वाढते, पण बिलं वेळेवर निघाली तर.

२०२५-२६ च्या केंद्रीय अर्थसंकल्पात भांडवली खर्चाला, म्हणजे रस्ते-पुलांसारख्या टिकाऊ कामांना, ११.२१ लाख कोटी ठेवले होते. असा एक रुपया खर्च झाला की उत्पन्न २.४५ रुपयांनी वाढतं, हा एनआयपीएफपी या दिल्लीच्या अर्थसंशोधन संस्थेतला २०१३ चा अंदाज जो तो तोंडावर फेकतो. तो रुपया साइटवर कधी पोचतो, हे कोणी विचारत नाही.

२०१५ च्या सिंहस्थाआधी नाशकात रिंगरोड, घाट, पूल अशी कामं धडाक्यात निघाली. मी पोट-ठेकेदार, गटार आणि कर्बचं काम घेतलं. पर्वणीची तारीख पुढे ढकलता येत नाही, म्हणून रात्रीही काँक्रीट चालू. पेठ-सुरगाण्याची मजूर जोडपी, खडीवाला, टिप्परवाला, साइटशेजारची वडापावची गाडी, सगळ्यांच्या हातात पैसा खेळत होता. तो माझा होता, पतसंस्थेतून उचललेला. पर्वण्या झाल्या, साधू गेले, आणि मुख्य ठेकेदार म्हणाला, "वरून निधी नाही." एमबीवर, म्हणजे कामाच्या मोजमाप-वहीत, मोजमाप होतं, सह्या होत्या. बायकोच्या पाटल्या मोडल्या, मिक्सर विकला. पैसे आले ते तुकड्या-तुकड्यांनी. तोवर माझी टोळी द्राक्षबागांच्या कामाला लागली होती, ती परत आली नाही.

आमचे दाजी बँकेतून निवृत्त झालेत. ते अजून म्हणतात, "सरकारी पैसा बुडत नाही." दाजी, सरकारला सात-आठ टक्क्यांनी कर्ज मिळतं. बिल अडकलं की तेच कर्ज माझ्यासारखा त्याच्या जवळपास दुप्पट व्याजाने काढतो. मग ती वाढ आली कुठून? लहान माणसाच्या घरातून.

हे बांधकामाच्या काळापुरतं झालं. रस्ता तयार झाल्यावरचा फायदा वेगळा आणि टिकाऊ असतो. ७०१ किलोमीटरचा समृद्धी जून २०२५ मध्ये पूर्ण खुला झाला, सिन्नर-घोटीच्या मालाला मुंबई जवळ आली, हे मी नाकारत नाही. आणि सगळेच ठेकेदार पैसे अडकवतात असंही नाही.

आता २०२७ च्या सिंहस्थाची कामं घेणाऱ्या पोरांना एवढंच सांगतो: त्या कामाच्या हेडवर (सरकारी खर्चाच्या खात्यावर) यंदा तरतूद किती आहे ते आधी विचारा, रनिंग बिल (काम चालू असतानाचं टप्प्याटप्प्याचं बिल) किती दिवसांत मिळणार ते मुख्य ठेकेदाराकडून लेखी घ्या. देत नसेल तर काम सोडा, घरातले मोठे काहीही म्हणोत.