निजगाडी

केज तालुक्यातल्या एका गावाहून आजी नातवाला घेऊन माझ्याकडं सल्ल्याला आल्या, सोबत शाळेचे सर. खुर्चीवर टेकायच्या आधीच आजी म्हणाल्या, "बाई, लेकरू रातच्याला झोपेत गाडी हाणायलंय. बाहेरचं काही लागलंय का बघा." पोराच्या मनगटाला काळा दोरा, कपाळावर अंगारा. वय दहा. आईबाप उचल, म्हणजे आगाऊ पैसे, घेऊन टोळीबरोबर ऊसतोडीला गेलेले. घरी आजी, तो आणि सहा वर्षांची बहीण. (ओळख पटू नये म्हणून बारीकसारीक तपशील बदलले आहेत.)

सरांची तक्रार वेगळी होती. पोरगं वर्गात पेंगतं आणि वहीच्या मागच्या पानांवर कसले कसले रस्ते काढतं.

मी वही मागितली. आधी त्यानं ती छातीशी धरली, मग दिली. टायरगाडी होती, पण बैल नाहीत. पुढं जुवाला बॅटरी बांधलेली, आत गोधडी अंथरलेली. नाव 'निजगाडी'. बहीणभावांत आधी ज्याला झोप लागेल त्यानं लिंबाखाली गाडी धरून थांबायचं, मग दुसऱ्यानं यायचं. मांजरा नदी ओलांडली की बार्शीची वाट, तिथून पुढं उसाचा फड. आईबाप फडावरच्या त्यांच्या कोपीत, म्हणजे झोपडीत, निजून स्वप्नातल्या त्याच मुलखात येतात आणि सगळे भेटतात. वाढ्यांच्या, म्हणजे उसाच्या शेंड्यांच्या, बिंड्यावर बसून आई भाकरी देते. हे त्यानं पेन्सिलीनं इतकं नीट काढलं होतं की भाकरीवरची बोटंसुद्धा दिसत होती.

"दिवसा ही गाडी कुठं असते रे?" मी विचारलं.

तो हसला. "मॅडम, ती खरी थोडीच हाय."

या उत्तरानं माझा निम्मा घोर गेला. बरेच आईवडील मला हेच विचारतात: लेकरू आपल्याच मनातल्या जगात असतं, हे वेडाचं लक्षण तर नाही? नाही. या वयातली कितीतरी मुलं मनात गावं वसवतात, गाड्या बनवतात, नियम ठरवतात. मूल हाक मारल्यावर ओ देतं का, जेवतं-खेळतं का, आणि खरं काय, मनातलं काय हे त्याला कळतं का, एवढं बघा. जागेपणी कुणी हुकूम सोडतंय असं ते सांगू लागलं, भीतीनं घराबाहेर पडेना, किंवा शाळा, मित्र सगळं सुटलं, तर मात्र थांबू नका, मानसोपचार डॉक्टरांना दाखवा. १४४१६ या टेलिमानसच्या, म्हणजे सरकारी मानसिक आरोग्य सेवेच्या, नंबरवर मोफत बोलता येतं.

मग पेंगणं कशाचं? ते दुसऱ्या भेटीत निघालं. कारखान्याच्या वाटेवर उसाची ट्रॉली उलटली, हे त्यानं आजीच्या फोनवर ऐकलं होतं. त्याच्या घरचं कुणी त्यात नव्हतं. पण त्या दिवसापासून स्वप्नात निजगाडी घाटाच्या उतारावर थांबेना. आई गाडीत, आणि गाडी खाली खाली. दचकून उठायचा तेव्हा पहाट असायची. आणि पहाटेचं स्वप्न खरं होतं, हे आजीनंच त्याला सांगितलेलं! म्हणून ते लेकरू रोज पहाटे डोळे ताणून बसायचं, पुन्हा झोप लागू नये म्हणून.

मी त्याला आणि आजीला एकत्र बसवून सांगितलं. १९५३ मध्ये शिकागोत अ‍ॅसरिन्स्की आणि क्लाइटमन या झोपेच्या अभ्यासकांनी दाखवलं की झोपेत डोळे भराभर हलतात असा एक काळ असतो, आणि ठळक स्वप्नं बहुतेक त्यातच पडतात. साधारण दर दीड तासानं तो येतो आणि पहाटेकडं लांबत जातो. पहाटेचं स्वप्न आठवतं ते त्यातूनच आपण जागे होतो म्हणून. खरं होण्याशी त्याचा संबंध नाही. आजी जरा वेळ गप्प बसल्या, मग नातवाच्या पाठीवर हात फिरवत म्हणाल्या, "मला काय ठावं रे राजा."

दोरा मी काढायला लावला नाही. त्यात आजीची माया होती.

वाईट स्वप्नावर एक उपाय आहे आणि तो मी मनापासून सुचवते. दिवसाउजेडी ते स्वप्न सांगायचं, त्याचा शेवट आपल्या मनासारखा बदलायचा आणि रोज थोडा वेळ तो नवा शेवट डोळ्यांपुढं आणायचा. मी काही सुचवलं नाही, त्याचं त्यालाच ठरवू दिलं. बराच विचार करून तो म्हणाला, "बहिणीला चाकाखाली दगड लावायला ठिवतो. ती लई चपळ हाय." त्यानं घाटाचं चित्र पुन्हा काढलं आणि आजी रोज रात्री दिवाबत्तीनंतर ते ऐकू लागल्या.

आईशी फोनवर बोलले. ती रडवेली होती. "तो इचारतो, तू पण आलतीस ना सपनात? हो म्हणू का?" मी म्हटलं, खोटं नको. दोन माणसं एकाच स्वप्नात शिरतात याला पुरावा नाही. पण तुम्हाला खरंच जे दिसतं ते सांगा. ती म्हणाली, मला घरची चूल दिसती, विझलेली. त्या रात्री फडावरून येऊन, भाकरी थापता थापता तिनं पोराला तेच सांगितलं. दुसऱ्या दिवशी वहीत मुलखाच्या मधोमध चूल आली, पेटलेली. रोज संध्याकाळी ठरल्या वेळी फोन करायचा, एवढं आईनं पाळलं.

तीनेक आठवड्यांनी सरांनी कळवलं, पेंगणं कमी झालंय. घाटाच्या उताराचं स्वप्न अजून अधूनमधून पडतं, पण तो उठून पाणी पितो आणि परत निजतो.

हंगाम संपून पट्टा पडल्यावर आई स्वतः त्याला घेऊन आली. तिच्या तळहातांना कोयत्याचे घट्टे होते. वही मांडीवर घेऊन तिनं एकेक पान उलटलं. घाटाच्या पानावर धाकटीनं आपल्या हातानं चाकांखाली दगडांची अख्खी रांग काढून ठेवली होती.