रिश्टरच्या शेजारची खुर्ची

प्रिय,

तुझ्या कविता वाचल्या. लय छान आहे. पण 'रणभेरी', 'बलिदान', 'रक्ताचा अभिषेक' असं काही हाताशी आलं की तू तेच उचलतेस, आणि तिथे कविता तुझी राहत नाही. म्हणून तुला महायुद्धानंतरच्या जर्मन लेखकांकडे पाठवतो आहे.

नाझी राजवटीच्या बारा वर्षांत त्यांची भाषा घोषणांनी आणि खोट्या थोरवीने नासली होती. कवी ग्युंटर आइशने 'इन्व्हेंटुर' (म्हणजे वस्तूंची यादी) या कवितेत काय केलं पाहा. एक युद्धकैदी आपल्या वस्तू मोजतो: ही माझी टोपी, हा कोट, कापडी पिशवीत दाढीचं सामान, पत्र्याचा डबा हेच ताट आणि हाच पेला. त्याचा सगळ्यांत जास्त जीव पेन्सिलीच्या शिसावर, कारण रात्री सुचलेल्या ओळी दिवसा तेच लिहून देतं. युद्धाबद्दल मोठं विधान एकही नाही. तू महिनाभर असंच लिही.

दुसरं, लिहिलेलं मोठ्याने वाचून दाखव. हान्स वेर्नर रिश्टर या लेखकाने सप्टेंबर १९४७मध्ये बान्वाल्डझे तळ्याकाठी काही लेखक जमवले. तोच गट पुढे 'ग्रुपं ४७' म्हणून ओळखला गेला. अप्रकाशित लेखन रिश्टरशेजारच्या खुर्चीत बसून वाचायचं, मग टीका निमूट ऐकायची, बचाव करायचा नाही. त्या खुर्चीला 'विजेची खुर्ची' म्हणत. ग्युंटर ग्रासने १९५८ साली 'द टिन ड्रम' या कादंबरीतली प्रकरणं तिथेच वाचली आणि गटाचं पारितोषिक मिळवलं. चारपाच मैत्रिणींत ही शिस्त पाळून बघ. कविता समजावून सांगायची सवय सुटेल.

मात्र गटाचा कान अचूक असतो असं मानू नकोस. हे मी फार कळकळीने सांगतोय. १९५२ साली नीनडॉर्फला गटाच्या बैठकीत पाउल सेलान या ज्यू कवीने 'टोडेसफूगं' (मृत्यूची फ्यूग, म्हणजे एकच धून पुन्हा पुन्हा गुंफणारी संगीतरचना) ही कविता वाचली. त्याचे आईवडील नाझी काळातल्या छळछावणीत मरण पावले होते आणि ती कविता मृत्युछावणीचीच. तिच्यातली आवर्तनं, तिचा आलाप, त्याची वाचनाची ढब काहींना हास्यास्पद वाटली. कोरड्या, नेमक्या भाषेची सवय झालेल्या त्या मंडळींना हा शोक ऐकूच आला नाही. त्यांतले बरेचजण स्वतः हिटलरच्या सैन्यात होते, हेही विसरता येत नाही.

तेव्हा आइश आणि सेलान एकाच आठवड्यात वाच, दोघांनाही मोठ्याने. मग तुझी ती आजीवरची कविता पुन्हा लिहून पाठव. तिच्यातलं गाणं मात्र काढू नकोस.

तुझा,
सर